आशा पुथली : १९७३ची सोल तबकडी

सीबीएस कंपनीने १९७३ साली युरोपच्या बाजारात एक एलपी आणली. तबकडीचे नाव गायिकेचेच होते, ‘आशा पुथली’. निर्मिती डेल न्यूमन यांची. एल्टन जॉनच्या ‘गुडबाय येलो ब्रिक रोड’मधले व्हायोलिनचे ताफे ज्यांनी बसवले, तेच हे न्यूमन. गायिका मुंबईत जन्मलेली आणि वाढलेली, हिंदुस्थानी रागसंगीत शिकलेली. तबकडीवरची बरीच गाणी मात्र अमेरिकेतली आणि इंग्लंडातली होती, दुसऱ्यांनी आधी गाऊन सोडलेली. भारतात घडलेल्या एखाद्या गायिकेने पाश्चात्त्य कंपनीसाठी केलेल्या, सोल वळणाच्या पूर्ण लांबीच्या तबकड्यांमध्ये ही अगदी सुरुवातीची म्हणावी लागते. तिच्यावर कधी पॉप, कधी फंक, कधी जॅझ असे शिक्के बसले. ते पूर्ण चुकीचे नाहीत. पण गाण्यांची निवड आणि शब्द उच्चारण्याची तऱ्हा पाहिली तर तबकडीचा कणा सोलचा आहे.

‘सोल’ म्हणजे आत्मा, म्हणून हे भक्तिसंगीत असावे असा समज नावावरून सहज होतो. घडले ते नेमके उलट. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या चर्चमध्ये पिकलेले गॉस्पेल गायन, त्यातली आर्त हाक, टाळ्या, मुख्य गायक आणि समूह यांची सवाल-जवाबासारखी देवघेव, हे सगळे जसेच्या तसे उचलून प्रेमाच्या, विरहाच्या, कधी उघड शृंगाराच्या गाण्याला जोडले गेले. रे चार्ल्सने १९५४ मध्ये ‘आय गॉट अ वुमन’ केले तेव्हा साचा गॉस्पेलचा होता, फक्त देवाच्या जागी बाई आली होती. चर्चमधल्या भाविकांना ते रुचले नाही. मराठी वाचकाला या प्रकाराचे नवल वाटू नये. कीर्तनकारांची साकी आणि दिंडी अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८२च्या ‘सौभद्रा’त सुभद्रा-अर्जुनाच्या प्रेमाला बहाल केली, तेव्हा आपल्याकडेही देवळातली चाल रंगभूमीवर आली होती.

सोलची बांधणी समजून घ्यायला त्याहून जवळची वाट कव्वालीची आहे. भिवंडीसारख्या यंत्रमागाच्या गावात उरुसाच्या रात्री ज्याने कव्वाली ऐकली आहे, त्याला हे फार समजावून सांगावे लागत नाही. एकच ओळ पुन्हा पुन्हा येते, दर वेळी थोडी वर चढलेली. मुख्य कव्वाल मध्येच दुसरा शेर गुंफून गिरह लावतो, साथीदार मुखडा उचलतात, टाळ्या लय धरून ठेवतात, आणि शब्दाचा अर्थ मागे पडून शब्दाचा धक्का उरतो. डेट्रॉइटच्या चर्चमध्ये याच रीतीने रविवार सरत असे. फरक आहे तो ठोक्याचा. भजनात किंवा केरव्यात समेची पहिली मात्रा वजनदार असते. गॉस्पेल आणि सोलमध्ये चार मात्रांतली दुसरी आणि चौथी उचलली जाते, टाळी तिथे पडते. पुढे जेम्स ब्राऊनने १९६०च्या दशकाच्या उत्तरार्धात पुन्हा पहिल्या मात्रेवर सगळा भार टाकला आणि त्यातून फंक निघाले. समेची सवय असलेल्या कानाला फंक लवकर आपलेसे वाटते, ते बहुधा यामुळेच.

बायकांच्या आवाजातला सोल सुरुवातीपासून दोन टोकांत वावरत आला. एका टोकाला एटा जेम्सची १९६०ची ‘अ‍ॅट लास्ट!’, तिच्यात राकट गळ्याभोवती व्हायोलिनची रेशमी झालर. दुसऱ्या टोकाला अरीथा फ्रँकलिनची १९६७ची ‘आय नेव्हर लव्ह्ड अ मॅन द वे आय लव्ह यू’. अरीथा धर्मोपदेशकाची मुलगी. कोलंबिया कंपनीत तिने सहा वर्षे सफाईदार तबकड्या केल्या आणि त्या फारशा पेटल्या नाहीत. अटलांटिक कंपनीच्या जेरी वेक्सलरने तिला अलाबामातल्या मसल शोल्स या लहानशा गावी नेऊन पियानोवर बसवले, तेव्हा चर्चमधला आवाज तबकडीत उतरला. तिला १९६० साली कोलंबियात आणणारे होते जॉन हॅमंड. बिली हॉलिडेला तरुणपणी हेरणारे आणि बॉब डिलनला करारबद्ध करणारेही तेच. आशा पुथली यांच्या वाटचालीत हे नाव पुन्हा भेटते.

तत्पूर्वी मुंबई. शहरात जॅझ १९३०च्या दशकापासून होते. ताजमहाल हॉटेलात १९३५ मध्ये लिऑन अ‍ॅबीचा अमेरिकन कृष्णवर्णीय वाद्यवृंद वाजवून गेला आणि मागोमाग टेडी वेदरफर्डसारखे पियानोवादक आले. त्यांच्या बाजूला बसून शिकले ते मुख्यतः गोव्याचे वादक. चर्चच्या शाळेत नोटेशन वाचायला शिकलेले हे लोक रात्री हॉटेलात आणि दिवसा चित्रपटाच्या स्टुडिओत वाजवत. अल्डोण्याचा ट्रम्पेटवाला अंतोनियो वाझ ‘चिक चॉकलेट’ नावाने गाजला आणि सी. रामचंद्र यांच्या ‘अलबेला’मध्ये (१९५१) आपल्या बँडसह पडद्यावरही दिसला. पुणतांब्याच्या या सी. रामचंद्र ऊर्फ रामचंद्र चितळकरांना हिंदी गाण्यात स्विंग आणायचा होता, आणि तो आणून देणारी माणसे चर्चगेटच्या उपाहारगृहांत हाताशी होती. ड्यूक एलिंग्टन १९६३ मध्ये मुंबईत येऊन गेले, त्याआधी १९५८ मध्ये डेव्ह ब्रूबेक. घरबसल्या ऐकायला व्हॉइस ऑफ अमेरिकावर विलिस कोनोव्हरचा जॅझचा तास होता. आकाशवाणीवर १९५०च्या दशकात नभोवाणीमंत्री बाळकृष्ण केसकरांचा अंमल होता. चित्रपटगीतेच जिथे बाहेर काढली गेली, तिथे जॅझला किती जागा मिळणार? लघुलहरींवरचे परदेशी स्टेशन लावणे ही त्या काळच्या तरुणांची साधी सवय झाली होती.

याच चर्चगेटला आशा पुथली यांच्याच पिढीची दुसरी एक गायिका गात होती, लॉर्ना. ख्रिस पेरी यांच्या बँडबरोबर तिने कोंकणीत जे गायले, त्यातल्या काही गाण्यांत सोलचा भरडपणा आणि फेकीची ऐट इतकी सहज आहे की भाषा न कळणाराही थबकतो. लॉर्ना इथेच राहिली आणि तिचा श्रोता गोव्यात, मुंबईत आणि आखातात होता. आशा पुथली बाहेर गेल्या. दोघींचे मूळ संगीत-वातावरण एकच. आशा पुथलींकडे मात्र पाया बैठकीचा होता. ऐकताना हा फरक लगेच कानाला लागतो.

आशा पुथली यांचा जन्म १९४५चा. लक्ष्मणप्रसाद जयपूरवाले यांच्याकडे रागसंगीत आणि त्याच्या जोडीला पाश्चात्त्य ऑपेराची आवाज-साधना, अशी दुहेरी तालीम त्यांना लहानपणीच मिळाली. जयपूरवाले बंदिशकार म्हणून नावाजलेले. शब्द धरून तो उलगडत न्यायचा संस्कार तिथला. ऑपेराने दिले ते श्वासाचे बळ आणि वरच्या सप्तकात न फाटणारा आवाज. या दोन विद्या एका गळ्यात फार क्वचित नांदतात. ऑपेरात स्वर ठाम उभा करायचा असतो, तर बैठकीत एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणे हीच शोभा. दुपारच्या टी-डान्सला जॅझ बँडपुढे उभे राहून त्या गाऊ लागल्या तेव्हा ही दोन्ही वळणे एकमेकांत मिसळू लागली. जॅझमध्ये ऐन वेळी सुचेल ते गाण्याची मुभा होती, आणि आलापाची सवय असलेल्या गायिकेला एवढी फट पुरेशी होती. ‘न्यूयॉर्कर’चे लेखक वेद मेहता यांनी मुंबईच्या जॅझवर लिहिताना या तरुण गायिकेची नोंद घेतली, तो मजकूर त्यांच्या १९७०च्या ‘पोर्ट्रेट ऑफ इंडिया’ या पुस्तकात आहे. साठच्या दशकाच्या अखेरीस इंग्रजी पॉप गाण्यांची छोटी तबकडीही त्यांनी भारतात केली होती. इथल्या बँडबरोबरची ती गाणी म्हणजे सराव होता. पुढे काय होणार याची चाहूल त्यांत अधूनमधूनच लागते.

बाहेर पडण्यासाठी त्यांनी निवडलेल्या वाटा व्यावहारिक होत्या. आधी ब्रिटिश विमान कंपनीत हवाईसुंदरीची नोकरी, मग मार्था ग्रॅहम यांच्या नृत्यशाळेची शिष्यवृत्ती. न्यूयॉर्कला पोचल्यावर गाणे जॉन हॅमंड यांच्या कानावर गेले. अरीथाला कोलंबियात आणल्याला तोवर दहा वर्षे होत आली होती. हॅमंड यांच्या शिफारशीने ऑर्नेट कोलमन यांच्या ‘सायन्स फिक्शन’ या तबकडीवर त्यांना दोन गाणी मिळाली. ध्वनिमुद्रण सप्टेंबर १९७१चे, तबकडी १९७२ची. कोलमन हे फ्री जॅझचे आद्य पुरुष. त्यांच्या चाली कुठल्याही ठरलेल्या स्वरपट्टीला बांधलेल्या नसत. भोवती चार्ली हेडन, ड्यूई रेडमन यांसारखे वादक आपापल्या दिशेने धावत असताना मध्यभागी एक संथ, सरळ सूर धरून ठेवायचा, असे ते काम होते. षड्ज धरून तासन्‌तास बसायची सवय इथे कामी आली असावी. गाणी संपली तरी आवाज कानात राहतो आणि भोवतालचा गोंधळ पुसट होतो. अमेरिकेतल्या जॅझ समीक्षकांनी त्या कामगिरीची दखल घेतली. याच काळात पीटर आयव्हर्स ब्लूज बँडबरोबर त्यांनी ‘एन्ट दॅट पिक्युलियर’ गायले. ते मार्व्हिन गे यांचे, मोटाऊन कंपनीने काढलेले गाणे. मर्चंट-आयव्हरींच्या ‘सॅव्हेजेस’मध्ये (१९७२) त्यांनी भूमिकाही केली.

तरीही स्वतःची तबकडी अमेरिकेत निघाली नाही. ज्या कंपनीसाठी कोलमनबरोबर त्या गायल्या, त्याच कंपनीच्या युरोपीय शाखेने, सीबीएसने, त्यांच्याशी करार केला. अमेरिकन रेडिओ तेव्हा रंगाने विभागलेला होता. कृष्णवर्णीयांची स्टेशने वेगळी, गोऱ्यांच्या पॉपची वेगळी. मुंबईची, सतार न वाजवणारी आणि सोल गाणारी बाई कोणत्या खणात बसवायची, हा प्रश्न विक्रेत्यांना सुटणे अवघड होते. पंडित रविशंकर १९६७ मध्ये माँटेरीला वाजवून गेल्यापासून पाश्चात्त्य श्रोत्याच्या मनात भारतीय संगीत म्हणजे सतार, उदबत्ती आणि योग हे समीकरण पक्के बसले होते. या तबकडीने ते समीकरण मानले नाही, आणि तिची धिटाई मुख्यतः यातच आहे. तिचा डोलारा बास, ड्रम, इलेक्ट्रिक पियानो आणि न्यूमनच्या व्हायोलिनांवर उभा आहे. भारतीयपण आहे ते गळ्यात, आणि तेही शोधावे लागते.

गाण्यांची निवडच बरेच काही सांगून जाते. जे. जे. केल हे ओक्लाहोमाचे गीतकार. त्यांच्या १९७२च्या ‘रिअली’ या तबकडीतून दोन गाणी घेतली, ‘राइट डाउन हिअर’ आणि ‘लाइज’. केल यांची गायकी म्हणजे जवळजवळ पुटपुटणे, ओसरीवर बसून स्वतःशीच बोलावे तसे. आशा पुथली यांनी ‘राइट डाउन हिअर’चा कणा संथ फंकचा ठेवला आणि वरचे गाणे कुजबुजीपासून उंच, पातळ, ताणलेल्या स्वरापर्यंत नेले. मूळ गाण्यातला माणूस कंटाळलेला वाटतो. या गाण्यातली बाई बेचैन आहे. चाल तीच, शब्द तेच, पण गाण्याचे वय आणि लिंग दोन्ही बदलले. संपूर्ण तबकडीत एकच गाणे ऐकायचे झाले तर ते हे.

‘लेट मी इन युअर लाइफ’ हे बिल विदर्स यांचे, त्यांच्या १९७२च्या ‘स्टिल बिल’मधले. विदर्स वेस्ट व्हर्जिनियाच्या कोळसा-खाणीच्या गावात जन्मले आणि पहिली तबकडी निघाली तेव्हाही कारखान्यात कामाला होते. तिच्या मुखपृष्ठावर ते हातात जेवणाचा डबा घेऊन उभे आहेत. पाळी बदलताना भिवंडीच्या रस्त्यावर दिसावा तसा तो फोटो आहे. विदर्सच्या गाण्यात विनवणी असते, पण ती कधी लाचार होत नाही. अरीथा फ्रँकलिनने हेच गाणे घेऊन १९७४ मध्ये आख्ख्या तबकडीला त्याचे नाव दिले, म्हणजे आशा पुथलींनंतर एका वर्षाने. दोन्ही लागोपाठ ऐकावीत. अरीथा दार ठोठावत नाही, ढकलून आत येते. आशा पुथली उंबऱ्याबाहेर थांबून हळू आवाजात विचारतात, आणि मध्येच एखादा शब्द ठुमरीत ‘बनवावा’ तसा दोन-तीन अंगांनी फिरवून पाहतात. दोन्हींत कमी-अधिक ठरवण्याचे कारण नाही. बळ मात्र अरीथाकडे अधिक आहे हे मान्य करावे लागते.

‘नीदर वन ऑफ अस’ हे जिम वेदरली यांचे विरहगीत ग्लॅडिस नाइट आणि पिप्स यांनी १९७३च्या सुरुवातीला लोकप्रिय केले होते, मोटाऊनच्या ‘सोल’ याच नावाच्या लेबलवर. ताज्या लोकप्रिय गाण्याशी त्याच वर्षी स्पर्धा करणे धाडसाचे होते आणि ते फारसे फळले नाही. ग्लॅडिसच्या गाण्यात मागे पिप्सचा समूह आहे, तुटत चाललेल्या नात्याला शेजाऱ्यापाजाऱ्यांनी साक्ष द्यावी तसा. कव्वालीतून साथीदार काढून घेतले तर जे उरते तेच इथे उरते. जॉर्ज हॅरिसन यांचे ‘आय डिग लव्ह’ (१९७०) मात्र खोडकरपणाने केले आहे. श्वास, हुंकार, हसू यांचा वापर करून मुळात सपाट असलेले गाणे त्यांनी खेळकर केले. बाकी गाण्यांत काही ठिकाणी न्यूमनची व्हायोलिने गळ्याच्या पुढे धावतात; तो काळाचा दोष होता आणि या एकाच तबकडीचा नव्हे.

गळ्याच्या कामाबद्दल थोडे अधिक सांगायला हवे. सोलमध्ये एका अक्षरावर अनेक स्वर घेण्याची रीत आहे; वरवर पाहता ती आपल्या मुरकीसारखी वाटते. उगम मात्र वेगळा आहे. गॉस्पेलमधला गळा ब्लूजच्या स्वरांवर फिरतो आणि त्यातला सर्वांत बोलका स्वर कोमल आणि शुद्ध गंधाराच्या मध्ये कुठेतरी लागतो. पियानोवर तो सापडत नाही, गळ्यात आणि गिटारच्या ताणलेल्या तारेत सापडतो. मींडेची तालीम झालेल्या गायिकेला हा मधला गंधार परका नसतो. तोडीचा अतिकोमल गंधार ज्याने घोटला आहे, त्याला पट्टीच्या फटीत स्वर असतो हे ठाऊक असते. या तबकडीत आशा पुथली गॉस्पेलच्या हरकतींची नक्कल जवळपास टाळतात. त्या स्वराकडे खालून हळू सरकतात, टोकावर क्षणभर थांबतात आणि सुटताना श्वास ऐकू येऊ देतात. गॉस्पेलचा गायक त्याच जागी स्वर फोडतो. ज्यांना सोल म्हणजे घसा फोडून गाणे एवढेच वाटते, त्यांना ही तबकडी थंड वाटेल. ठुमरी ऐकणाऱ्याला वाटणार नाही.

भारतात ती फार थोड्यांनी ऐकली. तबकड्यांचा इथला बाजार ग्रामोफोन कंपनीच्या मुठीत होता, परदेशी माल आणण्यावर कडक निर्बंध होते. आणि मुंबईच्या श्रोत्यापुढे त्याच वेळी दुसरी एक आशा होती. सांगलीच्या आशा भोसले राहुल देव बर्मन यांच्याबरोबर १९७१च्या ‘कॅराव्हॅन’ आणि ‘हरे रामा हरे कृष्णा’मध्ये श्वास, हुंकार आणि फंकचा ठेका हिंदी गाण्यात घेऊन आल्या होत्या. वाद्ये वाजवणारे बरेचसे तेच गोव्याचे लोक. घरच्या रेडिओवर ‘दम मारो दम’ मिळत असताना आयात केलेल्या एलपीसाठी कोण धडपडणार? आशा भोसले यांच्याकडे पडद्यावरची नायिका किंवा खलनायिका होती, तिच्या तोंडी गाणे द्यायचे असे. आशा पुथली यांच्याकडे असा बुरखा नव्हता. गाणारी बाई तीच आणि गाण्यातली बाईही तीच.

पुढच्या तबकड्यांत त्या सोलपासून डिस्कोकडे सरकल्या. १९७६ची ‘द डेव्हिल इज लूज’ जर्मन निर्माते डिटर झिमरमान यांनी केली. तिच्यातले ‘स्पेस टॉक’ न्यूयॉर्कमध्ये डेव्हिड मँक्युसो यांच्या ‘लॉफ्ट’ या नाचाच्या अड्ड्यावर गाजले आणि १९९७ मध्ये रॅपर नोटोरियस बी.आय.जी. यांच्या ‘लाइफ आफ्टर डेथ’मधल्या एका गाण्याचा पाया बनले. मग जुन्या तबकड्या शोधणाऱ्या संग्राहकांनी मागे जाऊन १९७३ची पहिली तबकडी हुडकली. ब्रायटनच्या मिस्टर बोंगो या कंपनीने २०२२ मध्ये आशा पुथली यांच्या निवडक गाण्यांचा संग्रह काढला. ‘राइट डाउन हिअर’ त्यात आहे.